अर्काचा अर्क

धवलगडच्या राजा रायमल्लाचं तोंड सुजलं, आणि ते एका शब्दामुळे सुजलं.

झालं असं, की राजाची दाढ ठणकत होती. राजवैद्य त्र्यंबकबुवांनी नाडी पाहिली आणि जाता जाता खिदमतगाराला सांगितलं, "दाढेला अर्क लावा." अर्क म्हणजे नेमकं काय, हे खिदमतगाराला ठाऊक नव्हतं. त्यानं वाटेत भेटलेल्या अनंतशास्त्र्यांना विचारलं. शास्त्रीबुवा म्हणाले, "अर्क म्हणजे रुई. मारुतीच्या देवळामागं हवी तेवढी आहे." खिदमतगारानं रुईचं पान तोडलं आणि त्याचा पांढरा चीक इमानेइतबारे राजाच्या दाढेला चोळला. संध्याकाळपर्यंत राजाचा खालचा ओठ हनुवटीला टेकला.

दुसऱ्या दिवशी दरबार भरला.

"मला लवंगेचा अर्क म्हणायचं होतं," वैद्यबुवा म्हणाले.

"लवंग माझ्यापर्यंत पोचलीच नाही," शास्त्रीबुवा म्हणाले. "आणि खरं पाहता अर्काचा पहिला अर्थ सूर्य."

"म्हणजे माझ्या दाढेला सूर्य लावायचा होता?" राजानं विचारलं. सुजलेल्या तोंडातून शब्द धड फुटत नव्हते, पण हसायची छाती कोणाची झाली नाही.

राजा हट्टी होता. त्यानं तिथल्या तिथं हुकूम काढला: यापुढे एका शब्दाला एकच अर्थ. "सूर्याला हात लावता येत नाही, तेव्हा तो राहू द्या. रुई उपटून टाका. आणि फुलांचे अर्क काढणाऱ्या त्या अत्ताराच्या भट्टीला मोहोर लावा."

गावात अत्तार एकच होता, इस्माईल. शिपायांनी त्याच्या भट्टीच्या तोंडावर लाखेची मोहोर ठोकली तेव्हा तो कट्ट्यावर बसून नुसता बघत राहिला. तीन पिढ्या त्या भट्टीवर जगल्या होत्या. त्याची मुलगी नूरबी मात्र बघत बसली नाही. तिनं ओढणी सारखी केली आणि तडक दरबार गाठला.

"सरकार, आमचं काय चुकलं?"

"तुमचं नाही, शब्दाचं चुकलं," राजा म्हणाला. "एका नावाचे तिघं एका राज्यात नांदू शकत नाहीत."

"आजवर नांदलेच की, सरकार. कधी भांडण ऐकलं नाही."

राजानं ओठाला हात लावला. "असं? मग तिन्ही अर्क एका जागी आणून दाखव. ऐकणाऱ्याचा घोटाळा होता कामा नये. पौर्णिमेपर्यंत मुदत. जमलं तर हुकूम मागं. नाही जमलं तर तुमच्या भट्टीवरचं तांब्याचं भांडं वितळवून मी देवळाची घंटा ओतवीन. आणि हो, मोहोर तोवर तशीच राहील. विस्तवाला हात लावायचा नाही."

वैद्यबुवांनी शास्त्रीबुवांकडे पाहिलं. विस्तवाशिवाय अर्क निघत नाही, एवढं त्या दोघांनाही ठाऊक होतं.

घरी आल्यावर इस्माईल म्हणाला, "बेटा, तू राजाशी वाद घालून आलीस. आता घंटा कुठल्या देवळाची, तेवढं विचारून यायचं होतंस."

नूरबीला हसू आलं नाही. रात्रभर तिचा डोळा लागला नाही. सकाळी ऊन चढल्यावर ती अंगणात आली, तर उन्हात राहिलेली तांब्याची परात हाताला चटका देऊन गेली. ती बोट चोखत तिथंच उभी राहिली. मग टोपली उचलून थेट मारुतीच्या देवळामागं गेली. शिपाई रुई उपटत होते. "तुम्ही उपटा," ती म्हणाली, "मी फुलं तेवढी वेचते."

तिनं ती जांभळट फुलं पाण्यात घालून परात घराच्या धाब्यावर भर उन्हात ठेवली आणि तिच्यावर दिव्याची मोठी काचेची हंडी उपडी घातली. दुपारी काच आतून घामेजली. थेंब ओघळून हंडीच्या कडेला तिनं आतून लावलेल्या पन्हळीत उतरले. पहिल्या दिवशी जेमतेम चमचाभर निघालं. दुसऱ्या दिवशी ढग आले आणि काहीच निघालं नाही. नूरबी धाब्यावर बसून ढगांना शिव्या देत राहिली, आणि खाली बाप तिला ऐकू जाईल अशा बेतानं उसासे टाकत राहिला.

पौर्णिमेला ती एक छोटी कुपी घेऊन दरबारात उभी राहिली.

"हे काय?" राजानं विचारलं. त्याचा ओठ आता जागेवर आला होता.

"अर्काचा अर्क, सरकार. अर्कानं काढलेला."

राजानं ते वाक्य मनाशी दोनदा घोळवलं. "रुईचा अर्क," तो सावकाश म्हणाला, "उन्हावर काढलेला."

"आपण कोणाला विचारलंत, सरकार?"

"कोणालाच नाही."

"मग घोटाळा कुठं झाला? शब्दाला शेजार मिळाला की तो आपला अर्थ आपण सांगतो. त्या दिवशी त्याला शेजारच नव्हता. वैद्यबुवा नुसतंच 'अर्क' म्हणाले. कशाचा, ते बोललेच नाहीत."

वैद्यबुवा छताकडे पाहू लागले.

राजानं कुपी हुंगली, खाली ठेवली आणि दिवाणाकडे वळून म्हणाला, "दिवाणजी, ही पोरगी म्हणजे नुसती अर्क आहे."

शास्त्रीबुवांनी कान टवकारले. नूरबीनं हात जोडले.

"सरकार, मी सूर्य नाही. मी रुई नाही. आणि कुपीत तर मी मावतच नाही. मग आत्ता हा चौथा अर्क आपण कुठून काढलात?"

राजाचे खांदे हलू लागले, आणि तो असा हसला की अजून हुळहुळणारा ओठ दोन्ही हातांनी धरून बसला. तो हसला म्हणून शास्त्रीबुवा हसले, आणि शेवटी वैद्यबुवाही हसले.

मोहोर त्याच दिवशी निघाली. नूरबीला चांदीची गुलाबदाणी मिळाली, आणि राजवाड्याला लागणारा झाडून सगळा अर्क इस्माईलच्या भट्टीतूनच घ्यायचा, असा नवा हुकूम सुटला. त्यात राजानं स्वतः एक ओळ घालायला लावली: "मागताना, कशाचा ते सांगावे."