कढईचा तोरा

भांडी अजून एकमेकांशी बोलायची, तेव्हाची गोष्ट. "माझ्या तेलात उतरून गार राहिलेलं कुणी पाहिलंय का?" असं कढई झाऱ्याला आणि पातेल्याला रोज ऐकवायची.

एकदा वेणूताईंनी आइस्क्रीमचा गोळा ब्रेडच्या चुऱ्यात घोळवला, दगडासारखा गोठवला आणि कढईत सोडला. गेला बिचारा, कढईला वाटलं. झाऱ्याने तो लगेच वर काढला. वेणूताईंनी चमच्याने फोडला, तर आत आइस्क्रीम थंडगार.

"मी नुसता त्याचा अंगरखा तळला," कढई ओशाळली. "पण बटाटेवडे तरी मीच तळते ना?"

"वड्यातली भाजी पातेल्यात तयार होऊन येते, बाई," झारा म्हणाला.

कढई खुदकन हसली. "म्हणजे जन्मभर मी कपडेच तळले, आणि तेही पातेल्यासमोर मिरवत."