महाराजांचा दगड

स्फटिकांच्या डोंगरात एक जुनी रीत होती. तिथला कोणी स्फटिक मेला की घरच्यांनी त्याला उन्हं उतरायच्या आत उगमाच्या झऱ्यात सोडायचं. तिथं तो विरघळायचा आणि त्याच पाण्यातून पुढं नवी पोरं उगवायची.

गारूची अभ्राताई गेली. तिची निळाई मेल्यावरही तेवढीच झळकत होती, आणि राजा वज्रसेनाच्या मनात तिला मुकुटात बसवायचं आलं. शिपायांनी तिला झऱ्यावरूनच उचललं. गारू तसाच दरबारात घुसला.

"महाराज, माझी ताई परत द्या!"

"ताई कसली?" राजा हसला. "मेलेला स्फटिक म्हणजे दगड. आणि या डोंगरातला दगड न् दगड गादीवर बसेल त्याचा. कोरा रे हा कायदा भिंतीवर!"

भिंतीवर एकदा कोरलेलं कोणालाच पुसता येत नसे. पाथरवटानं छिन्नी उचलली. गारूचं अंग रागानं झणझणलं, पण तेवढ्यात त्याची नजर राजाशेजारी बसलेल्या युवराजाकडे गेली.

"कोरा, कोरा," तो म्हणाला. "फक्त युवराजांना आत्ताच विचारून ठेवा महाराज, तुमचा दगड ते पायरीला लावणार, की न्हाणीत ठेवणार पाय घासायला?"

युवराजानं बापाकडे वरपासून खालपर्यंत, माप घेतल्यासारखं पाहिलं.

"छिन्नी खाली ठेव!" राजा ओरडला. "आणि त्या पोरीला झऱ्यावर पोचवा. लगेच!"

उन्हं उतरायच्या आत अभ्राताई पाण्यात उतरली. पाणी हळूहळू निळं झालं, तेव्हा कुठं गारूच्या अंगातली झणझण थांबली.