आठवी आरास

एका राज्यात तिन्हीसांजेला दिवा लागल्याशिवाय कोणी घोटभर पाणीही पीत नसे. झोपडीत पणती, महालात समई, देवळात नंदादीप. अंधार कसा असतो, हे तिथल्या माणसांना ठाऊकच नव्हते.

राज्याच्या वेशीवर एक तळे होते. तळ्याचा धनी काळजंघ नावाचा मांत्रिक. तळाशी एक निळे कमळ फुले आणि त्याला कोणी हात लावू नये असा त्याचा दंडक होता. राजा प्रतर्दन आणि राणी हेमांगी यांचा एकुलता एक मुलगा कुवलय. मित्रांशी पैज लावून त्याने बुडी मारली, कमळाला हात लावला आणि तिथेच दगड झाला.

राजाराणी घाटावर धावत आली. चटईवर बसावे तसा मांत्रिक पाण्यावर बसला होता.

"मुलगा परत हवा असेल, तर घाटावर तीन दिवे ठेवा," तो म्हणाला. "सोन्याचा, चांदीचा आणि मातीचा. आता तीन अटी ऐका. दिवे जागचे हलवायचे नाहीत. चौथा आणायचा नाही. आणि आठ सांजा, दर सांजेला नवी आरास दिसली पाहिजे. कोणते दिवे लावायचे, ते तुम्ही ठरवा. एकदा दिसलेली आरास पुन्हा दिसली, तर मुलगा कायमचा दगड."

"नवी की जुनी, हे कोण सांगणार?" राजाने विचारले.

"माझी साळुंकी. तिला खोटं बोलता येत नाही. पुष्कळ शिकवून पाहिलं."

पहिल्या सांजेला सोन्याचा दिवा लागला. "नवी," साळुंकी म्हणाली, आणि पाण्याखालचा दगडी मुलगा घाटाची एक पायरी वर आला. दुसऱ्या सांजेला चांदीचा, तिसऱ्या सांजेला मातीचा. मग दोन-दोनच्या जोड्या. सोन्याबरोबर चांदी, सोन्याबरोबर माती, चांदीबरोबर माती. सातव्या सांजेला तिन्ही दिवे एकदम लागले. मुलगा आता पाण्याखालच्या शेवटच्या पायरीवर उभा होता. राणीला त्याच्या कपाळावरची दगडी बट दिसत होती.

त्यापुढे मात्र वाट खुंटली. एकेकटे तीन, जोड्या तीन, सगळे मिळून एक. सारा दरबार मोजत बसला, पण सातच्या पुढे कोणी जाईना.

आठव्या दिवशी सकाळी प्रधान म्हणाला, "वात जाड करू." सेनापती म्हणाला, "तेलाऐवजी तूप घालू." राजा म्हणाला, "दिव्याचं तोंड फिरवू."

साळुंकी हसली. "काहीही घाला आणि कुठेही फिरवा. दिवे तेच, आरास तीच."

दुपारी राणी एकटीच घाटावर आली. रोजच्या सवयीने तिने पदराने दिव्यांची काजळी पुसली. मग हात थांबवून ती तिन्ही दिव्यांकडे पाहत राहिली.

"साळुंके, आत्ता तुला काय दिसतं?"

"तीन दिवे. एकही लावलेला नाही."

"ही आरास तू मोजलीस?"

"दुपारचं मी मोजत नाही, राणी. मी सांजेचं मोजते." एवढे बोलून साळुंकीने मान वळवली.

राणी राजाकडे गेली. "महाराज, सोन्याचा दिवा लावायचा किंवा न लावता ठेवायचा, असे दोन प्रकार. त्या प्रत्येकात चांदीचा लावायचा किंवा ठेवायचा, झाले चार. त्या चारांत मातीचा लावायचा किंवा ठेवायचा, झाले आठ. सात होतच नाहीत. एक आपण मोजायचा सोडला."

राजा पांढराफटक पडला. "तिन्हीसांजेला अंधार? या घाटावर असं कधी घडलं नाही."

"म्हणूनच ती नवी आहे."

सूर्य कलला. सारे नगर घाटावर जमले. राणी तिन्ही दिव्यांसमोर बसली. लग्न होऊन आल्यापासून तिने एकही सांज रिकामी जाऊ दिली नव्हती. हात आपोआप काडीकडे जाऊ लागले, तेव्हा तिने ते मांडीखाली दाबून धरले. गर्दीत कोणी रडू लागले. उजेड गेला.

आणि अंधार आला.

आधी कोणाला काही दिसेना. मग पाण्यात एक चांदणी उमटली, मग दहा, मग मोजता येणार नाहीत इतक्या. खाली तळाशी निळे कमळ मंद उजळत होते. ते रोजच उजळत असे, पण दिव्यांच्या झगमगाटात त्याचा उजेड कोणाला दिसलाच नव्हता.

"नवी," साळुंकी म्हणाली.

पाणी हलले. शेवटची पायरी चढून कुवलय वर आला. अंगावरून पाणी निथळत होते, आणि अंग मऊ होते, माणसाचे होते.

काळजंघाने हात जोडले. "आठवी होती, राणी. मी फसवलं नाही. ती कोणी करून पाहील, असं मात्र वाटलं नव्हतं." पाण्यावरून उठून तो चालत गेला, तो पुन्हा त्या राज्यात दिसला नाही. साळुंकी मागे राहिली.

कुवलयने डोळे चोळत आजूबाजूला पाहिले. "आई, तिन्हीसांजा झाल्या ना? अजून दिवा नाही लावलास?"

"लावते रे," राणी म्हणाली. पहिल्या दोन काड्या वाया गेल्या. तिसरीने मातीचा दिवा लागला, मग चांदीचा, मग सोन्याचा.

"जुनी," साळुंकी म्हणाली, आणि सगळा घाट हसला.

आजही त्या राज्यात वर्षातून एका सांजेला दिवे जरा उशिरा लागतात. तेवढ्या वेळात आया मुलांना पाण्यातल्या चांदण्या दाखवतात. त्या राणीला मूल परत मिळाले, तसे हरवलेले ज्याचे त्याला मिळो.