ठकूच्या केकातला पालक

एका गावात एक भोळा मामा होता. त्याचं नाव गेनू. भोळी माणसं त्या गावात आणखीही होती, पण ती सकाळी भोळी असायची आणि दुपारपर्यंत शहाणी व्हायची. गेनू आठही प्रहर भोळा. त्याला कुणी म्हणालं, जरा थांब, की तो थांबायचा. दुसरं कुणी चल म्हणेपर्यंत थांबायचा. एकदा असाच पिंपळाखाली दिवस मावळेपर्यंत उभा राहिला होता. थांब म्हणणारा माणूस तेव्हा घरी जेवून झोपलासुद्धा होता.

गेनू बहिणीच्या घरी राहायचा. बहीण सगुणा. तिचा नवरा ट्रकवर ड्रायव्हर, महिना-महिना बाहेर. घरात ती, गेनू आणि तिची मुलगी ठकू. ठकू सहा वर्षांची, काडीसारखी. चार पावलं चालली की तिला चक्कर यायची. म्हणून गेनू तिला खांद्यावर बसवून शाळेत नेऊन सोडायचा. हे एक काम तो कधी चुकला नाही. तिला तो एकदाच विसरला होता, पण तेव्हाही ती खांद्यावरच होती.

सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी ठकूच्या डोळ्यांची पापणी ओढून पाहिली आणि म्हणाले, "पोरीच्या अंगात रक्त नाही. पालेभाजी पोटात जाऊ द्या. महिनाभरात फरक पडला नाही, तर तालुक्याला नेऊन रक्त चढवावं लागेल."

पण ठकू पालेभाजी खाईना. डाळीत पालक घातला, तर एक-एक पान काढून ताटाच्या कडेला लावायची. भाकरीत मेथी थापली, तर भाकरी भोकं भोकं करून परत द्यायची. हिरवं दिसलं की तोंड मिटलं. दूध-अंडं द्यावं, तर अंगभर गांधी उठायच्या.

शेवटी दवाखान्यातल्या नर्सबाईंनी युक्ती सांगितली. "केक करा. दूध नको, अंडं नको, तूप नको. नाचणीचं आणि गव्हाचं पीठ, गूळ, केळं, तेल, आणि पालक वाटून घाला. नाचणीच्या रंगात हिरवं बुडून जातं. दिसत नाही की लागत नाही. एकदा गोडी लागली, की दिवसाआड करून द्या."

ठकूचा वाढदिवस चार दिवसांवर आला होता. सगुणाला धीर आला. तिने गेनूला हाक मारली. तिथेच ती चुकली.

"गेनू, हौसाकाकूंच्या मळ्यातून पालकाच्या दोन जुड्या आण आणि मिक्सरमधून वाटून ठेव."

"बरं अक्का."

गेनूने आणल्या आणि वाटल्या. मुळांसकट वाटल्या, मातीसकट वाटल्या. एक गांडूळही होतं, पण ते त्याने आधी त्यालाच विचारून बाजूला ठेवलं. मिक्सर खरखरला, धुरकटला आणि गप्प झाला. भांड्यात काळा चिखल.

"अरे, हे धुतलं नाहीस?"

"तू वाट म्हणालीस."

सगुणाने कपाळावर हात मारला. "नीट ऐक. जमिनीतून आलेली वस्तू आधी तीन पाण्यांनी धुवायची. शेवटचं पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवायची. कळलं?"

"कळलं अक्का. आता नाही चुकणार."

आणि तो चुकला नाही. सांगितलं होतं तस्संच केलं.

दुसऱ्या दिवशी सगुणाने त्याला गिरणीत पाठवलं. नाचणी आणि गहू दळून पिशवी डोक्यावर घेऊन गेनू निघाला. वाटेत त्याला विचार आला, आणि गेनूला विचार आला की कुणाचं तरी नुकसान ठरलेलं. मागे वळून त्याने गिरणीवाल्याला विचारलं, "गहू कुठून येतो हो?"

"जमिनीतून येतो. आभाळातून पडतो काय?"

गेनू सरळ ओढ्यावर गेला. पिशवी पाण्यात धरली. पहिलं पाणी करडं आलं. दुसरं पाणी पांढुरकं आलं. तिसरं पाणी अगदी निवळशंख. गेनूला बरं वाटलं. घरी येऊन त्याने पिशवी सगुणापुढे ठेवली.

"पीठ कुठाय?"

"धुतलं. शेवटचं पाणी बघायला हवं होतंस अक्का, तळ दिसत होता."

शेजारच्या हौसाकाकू कुंपणावर हात टेकून उभ्या होत्या. त्यांना दुसऱ्याच्या घरातलं सगळं वेळेवर दिसायचं. त्या म्हणाल्या, "सगुणा, हा तुझा सख्खा भाऊ ना गं? नाही, म्हटलं, दवाखान्यात बदलला असेल, तर अजून परत करता येतोय का बघ."

"आमचा जन्म घरीच झाला काकू," गेनू म्हणाला.

"मग इलाज नाही," काकू म्हणाल्या.

सगुणाने काकूंकडूनच वाटीभर पीठ उसनं मागून घेतलं. मग भावाकडे वळली. "पीठ धूत नाहीत, चाळतात. चाळणीतून खाली पडेल ते घ्यायचं. वर राहील ते टाकून द्यायचं. जनावरालाही समजेल असं सांगितलंय."

"समजलं अक्का. आता नाही चुकणार."

त्याच दुपारी ती म्हणाली, "दुकानातून गुळाची ढेप आण. छोटी."

गेनू दुकानात गेला. जाताना चाळणी घेऊन गेला. दुकानदाराने ढेप दिली, गेनूने ती चाळणीत ठेवली आणि चाळायला लागला. दुकानासमोर माणसं जमली. कुणी म्हणालं, जोरात चाळ. गेनूने जोरात चाळली. कुणी म्हणालं, उलट्या हाताने चाळ. त्याने उलट्या हाताने चाळली. घाम निथळला. खाली चिमूटभर गूळ पडला. वर ढेप तशीच राहिली. गेनूने ढेप समोर बांधलेल्या बैलापुढे टाकली आणि चिमूट तळहातावर जपत घरी आणली. वाटेत तीन मुंग्या चढल्या होत्या, त्याही त्याने पडू दिल्या नाहीत.

सगुणाने तळहात पाहिला. मग भावाचं तोंड पाहिलं. तोंडावर ओरडण्यासारखं काही नव्हतं. तिथे नुसता आनंद होता.

"गूळ," ती सावकाश म्हणाली, "पाण्यात टाकतात गेनू. आणि ढवळतात. दिसेनासा होईपर्यंत ढवळतात."

"असं होय. आता नाही चुकणार."

दुसरी ढेप ती स्वतः जाऊन घेऊन आली. नवा पालक तिने स्वतः निवडला, स्वतः धुतला, स्वतः पाट्यावर वाटला. आता उरली फक्त वाळू. तिच्या घरी केकची भट्टी नव्हती. खेड्यात केक करतात तो मोठ्या पातेल्यात. तळाला वाळूचा थर द्यायचा, ती तापवायची, त्यावर केकचा डबा ठेवायचा आणि वर घट्ट झाकण. वाळू आणण्यात चुकण्यासारखं काय आहे, असं सगुणाला वाटलं. तिलाही भोळीच म्हणायचं.

"ओढ्यातून घमेलंभर वाळू आण."

तासाभराने ती बाहेर आली, तर गेनू अंगणात बादलीत हात घालून बसलेला. बादलीत पाणी, पाण्यात वाळू, आणि गेनू गरागरा ढवळतोय.

"दिसेनाशी होत नाही अक्का," तो म्हणाला. "खडा मोठा आहे बहुतेक."

सगुणाने त्याला काही शिकवलं नाही. शिकवलं की वाढतं, हे तिच्या ध्यानात आलं होतं. तिने वाळू उपसली, उन्हात टाकली, सुकवली, पातेलं चुलीवर चढवलं, डबा आत ठेवला आणि झाकण लावलं. तेवढ्यात दवाखान्यातून निरोप आला, ठकूचं वजन करायचं आहे, घेऊन या. निघताना तिने गेनूपुढे बोट धरलं.

"पाऊण तास झाकण उघडायचं नाही. उघडलंस तर केक बसेल. काय सांगितलं?"

"झाकण उघडायचं नाही."

ती परत आली तेव्हा केक बसला होता. मधोमध खड्डा, वरून कच्चा, खालून करपलेला.

"उघडलंस ना?"

"मी नाही उघडलं. हौसाकाकूंनी उघडलं. अंड्याशिवाय फुगतो कसा ते त्यांना बघायचं होतं. तीनदा उघडलं."

"आणि तू काय करत होतास?"

"मी उघडत नव्हतो."

कुंपणापलीकडे काकू एकदम गाईला पाणी पाजायला निघून गेल्या. गाय विकून त्यांना वर्ष झालं होतं.

सगुणा पायरीवर बसली. दवाखान्यात काटा होता तिथेच होता. ठकूचं वजन छटाकभरही वाढलं नव्हतं. डॉक्टर म्हणाले होते, आता फार वाट बघू नका. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. गेनू तिच्या शेजारी येऊन बसला. बहीण रडली की त्याला जेवण जायचं नाही.

"सांग ना अक्का, काय करायला हवं होतं."

सांगायचं नाही असं तिने ठरवलं होतं. पण तो मनापासून विचारत होता. ती म्हणाली, "अरे, एखादी गोष्ट कुणी करायची नसेल, तर ती सगळ्यांना आधी बजावून ठेवावी. आपण एकट्याने पाळून काय उपयोग?"

"सगळ्यांना आधी बजावून ठेवावी," गेनू म्हणाला. त्याने ते सात वेळा म्हटलं. सात वेळा म्हटलेलं तो विसरत नसे.

वाढदिवसाच्या दिवशी सगुणाने पहाटेपासून कुणाला घरात फिरकू दिलं नाही. चार वाजता झाकण काढलं. केक फुगला होता. वरून तांबूस काळा, कापला तर आतून मऊ, आणि हिरवं औषधालासुद्धा दिसत नव्हतं. गुळाचा आणि केळ्याचा वास गल्लीभर पसरला. काकू कुंपणाशी आल्या, वास घेतला आणि काही बोलल्या नाहीत. त्यांच्या तोंडून ही मोठीच शाबासकी.

ठकूच्या मैत्रिणी येऊन बसल्या. ठकूला नवा झगा घातला होता, तो खांद्यावरून घसरत होता. सगुणा गेनूला स्वयंपाकघरात घेऊन गेली आणि हळू आवाजात म्हणाली, "एकच सांगते. केकात पालक आहे हे ठकूला कुणी सांगता कामा नये. कळलं तर ती तोंड लावणार नाही."

"कुणीच सांगायचं नाही?"

"कुणीच नाही."

"गावातल्या एकाही माणसाने नाही?"

"एकाही नाही. आता जा, बाहेर बस."

गेनू बाहेर गेला, पण बसला नाही. त्याने हिशोब केला. गावात तीनशे घरं. घरोघर जायचं तर तीन दिवस लागणार, आणि केक तर आत्ताच कापायला घेतलाय. तो धावत ग्रामपंचायतीकडे सुटला.

इकडे सगुणाने पहिला तुकडा ठकूच्या हातात दिला. ठकूने तो उलटा-सुलटा करून पाहिला. खालून पाहिला. नाकाशी नेला.

"आई, यात काय आहे?"

"गूळ आहे. केळं आहे. नाचणी आहे."

"आणि?"

"आणि तुझा वाढदिवस आहे. खा."

एका मैत्रिणीने खाऊन टाकला आणि दुसरा मागितला. ठकूने ते पाहिलं. मग वासाने म्हणा, मैत्रिणीच्या हावरेपणाने म्हणा, सहा वर्षांत पहिल्यांदाच तिने आपणहून तोंड मोठं उघडलं. तुकडा ओठांपाशी आला.

तेवढ्यात पंचायतीचा भोंगा खरखरला. नळाला पाणी कधी येणार ते सांगतात, तोच भोंगा. गावाच्या चारही टोकांना ऐकू जातो. आधी कुणीतरी फुंकर मारली. मग गेनूचा आवाज आला, संथ आणि स्पष्ट.

"गावकऱ्यांना कळवण्यात येतं की, आमच्या ठकूच्या केकात पालक आहे. दोन जुड्या आहेत. हे ठकूला कुणीही सांगू नये. लहानांनी सांगू नये, थोरांनी सांगू नये. हौसाकाकूंनी तर मुळीच सांगू नये. पुन्हा एकदा सांगतो. ठकूच्या केकात पालक आहे."

भोंगा जरा थांबला. मग आवाज मऊ झाला.

"आणि ठकू बाळ, तू ऐकत असलीस, तर हे तुझ्यासाठी नाही. तू खा."

ठकूने तोंड मिटलं. तुकडा ताटलीत ठेवला आणि ताटली आईकडे सरकवली.

थोड्या वेळाने गेनू धापा टाकत दारात आला. शर्ट घामाने भिजला होता, तोंडभर हसू होतं.

"अक्का, आता तू निर्धास्त राहा," तो म्हणाला. "तीनशेच्या तीनशे घरांना बजावलंय. आता तिला सांगायची कुणाची छाती नाही."