दिवस बुडेना

एका राज्यात दिवस आपोआप बुडत नसे. सगळीकडे तो आपोआप बुडतो असं तुम्ही समजता, समजा बापडे. त्या राज्यातले लोकही तसंच समजत. पण तिथल्या डोंगराच्या पोटात एक गुहा होती, गुहेत काळ्या पाण्याचं कुंड होतं, आणि त्या कुंडावर सात विद्वानांची राखण होती. त्यांना सांजकरी म्हणत. म्हणत म्हणजे ते एकमेकांनाच म्हणत, कारण बाहेर कुणाला त्यांचा पत्ता नव्हता.

उजेड आणि काळ, एवढाच त्यांचा अभ्यास. सकाळचा किरण हलका, दुपारचा कोरडा, सांजेचा जड, हे त्यांनी हातात तोलून पाहिलं होतं. सांजेचा जड का, तर दिवसभरात जे जे झालं ते सगळं त्यात असतं. कड्याच्या फटीतून शेवटचा किरण आत आला, की ज्याची पाळी असेल तो सांजकरी त्याला तांब्याच्या वाटीत घेई आणि वाटी कुंडात सोडी. वाटीच्या तळाला बारीक भोक. पाणी हळूहळू आत शिरे, वाटी बुडे, आणि वाटी बुडाली की राज्यात दिवस बुडे. नियम एकच. ज्याने वाटी सोडली त्यानेच ती बुडवायची. दुसऱ्याचा हात लागला, तर तो दिवस कायमचा तरंगत राहील.

या सातांत एक होती भानुमती. नवरा वारलेला. पायथ्याशी घर, घरात नऊ वर्षांची लेक, तिचं नाव जाई. जाईला ताप भरला आणि उतरेना. एकविसाव्या दिवशी वैद्यांनी नाडी पाहिली, भानुमतीला अंगणात बोलावलं आणि म्हणाले, "बाई, दिवस बुडेपर्यंत काढेल."

वैद्यच ते, दहा घरी असंच म्हणत असतील. जिच्यापुढे म्हणू नये तिच्यापुढे म्हणाले. त्या सांजेची पाळी नेमकी भानुमतीची होती.

ती गुहेत गेली. किरण वाटीत घेतला. कनवटीची मेणाची गोळी काढून वाटीचं भोक बुजवलं आणि वाटी पाण्यावर सोडली. वाटी तरंगत राहिली. दिवस बुडेना.

तुम्ही तिला बोल लावाल. लावा. मी लावणार नाही.

सूर्य डोंगराला टेकला तो टेकलाच. लोक तांबड्या उजेडात जेवले, आडवे झाले, उठले, तरी तोच उजेड. आधी पोरांना गंमत वाटली, मग मोठ्यांना भीती वाटली. जाईचा श्वास चालू राहिला. पण तापही तसाच राहिला, तसूभर कमी नाही.

सांजकऱ्यांत सर्वांत वृद्ध अरुणदत्त. ते म्हणाले, "भानुमती, वाटी तुझी आहे."

"लेकही माझी आहे. तिला वाचवायचा उपाय सांगा, मी मेण काढते."

अरुणदत्तांनी पोथी सोडली. वाचून झाल्यावर ती पुन्हा बांधून ठेवली. मग म्हणाले, "तीन वस्तू एकत्र करून पाजायच्या. गोठ्यात परतलेल्या गाईची सांजधार. आपणहून उमललेलं जाईचं फूल. आणि नुकत्या जन्मलेल्या बाळाचं पहिलं आसू. तिन्ही मिळाल्या, तर आलेलं मरण परत जातं."

भानुमती तशीच निघाली. गुहेच्या तोंडाशी एक साळुंकी घिरट्या घालत होती. ती म्हणाली, "वाट मी दाखवते. दिवस बुडाल्याशिवाय आम्हाला झाडावर बसता येत नाही, आणि माझे पंख भरून आलेत."

साळुंकीने तिला आधी गावच्या वेशीवर नेलं. कळप घराकडे वळला होता. गाई चालत होत्या, चालतच होत्या, पण वेस काही ओलांडत नव्हत्या. आत गोठ्यांतून वासरं हंबरून हंबरून घोगरी झाली होती.

"थोडं दूध द्या," भानुमती म्हणाली.

गुराखी खाली बसला होता, त्याने पाहिलंही नाही. "गाय दाव्याला येईल तेव्हा धार निघेल, बाई. आणि दाव्याला यायची ती दिवस बुडाल्यावर."

मग साळुंकीने तिला राजाच्या बागेत नेलं. जाईचा मांडव कळ्यांनी लगडला होता. भानुमतीने एक कळी नखाने उघडू पाहिली, तर पाकळ्या तिच्या हातातच सुटल्या. माळीण म्हणाली, "असं करू नका. जाई दिवस बुडाल्यावर उमलते. तुम्हाला ठाऊक नाही का?"

ठाऊक नसायला काय झालं. लेकीचं नाव तिने त्याच वेळेवरून ठेवलं होतं.

शेवटी साळुंकी तिला राजवाड्यात घेऊन गेली. राणी कळा देत होती. सुईण म्हणत होती, दिवस बुडताना सुटेल असं वाटलं होतं, आणि तेव्हापासून कळ येते, जाते, मूल काही येत नाही. राजा दाराशी उभा होता. त्याने परक्या बाईला हात जोडले आणि विचारलं, "आपल्याकडे उपाय आहे?"

भानुमती राणीच्या उशाशी गेली. राणीने तिचं मनगट धरलं. "तुम्हाला मूल आहे?"

"आहे. एक मुलगी."

"मग मी काय सांगू? मला सोडवा."

तिथे भानुमतीला कळून चुकलं. तिन्ही वस्तू मिळायच्या त्या दिवस बुडाल्यावर, आणि जाई होती ती दिवस बुडेपर्यंत. ती रिकाम्या हातांनी घरी आली. वाटभर रडली, आणि उंबऱ्याशी डोळे पुसले.

जाई टक्क जागी होती. डोळे लाल झाले होते. "आई, अजून संध्याकाळच आहे?"

"हो, बाळा."

"मला फार झोप आलीय गं. पण तूच म्हणतेस ना, तिन्हीसांजेला झोपायचं नाही. म्हणून मी झोपले नाही."

भानुमतीने तिचा हात हातात घेतला. लेकीच्या हातावर चिमट्यांचे वळ होते, झोप येऊ नये म्हणून तिने स्वतःच घेतलेले. इतका काळ आपण लेकीला जगवतोय असं ती समजत होती. लेक आईच्या शब्दाखातर नुसती जागत होती.

तिने जाईला उचललं आणि थेट गुहेत आणलं. बाहेरच्याला आत आणायचं नाही असा दंडक होता, पण सहाही जण मुकाट्याने बाजूला झाले.

"तुम्हाला ठाऊक होतं," ती अरुणदत्तांना म्हणाली.

"होतं."

"मग मला वणवण का करायला लावलीत?"

"सांगून पटलं नसतं. मलाही पटलं नव्हतं."

तिने वाटी ओढून घेतली आणि नखाने मेण खरवडलं. तिचं पांढरं मेण निघालं, तर खाली भोकाच्या कडेला काळपट जुनं मेण होतं, आणि त्याच्याही खाली आणखी जुनं. तिने वर पाहिलं.

"ते वरचं माझं," अरुणदत्त म्हणाले. "बायको गेली तेव्हाचं. त्याखालचं माझ्या गुरूंचं. मी त्यांना विचारलं नाही."

भानुमतीने वाटी पाण्यावर ठेवली. जाईला मांडीवर घेतलं. पाणी थेंब थेंब आत येऊ लागलं.

"काय छान दिसतंय गं," जाई म्हणाली. "आत काय आहे?"

"आजचा दिवस आहे."

जाई पाहत राहिली. वाटी कलली, काठापर्यंत भरली, आणि आवाज न करता खाली गेली. गुहेत अंधार झाला.

"आता झोपू?"

"झोप, बाळा. दिवस बुडाला."

राज्यात गाई दाव्याला आल्या. बागेत जाईचा मांडव एकदम उमलला, वास राजवाड्यापर्यंत गेला, आणि तिथे राणी सुटली. मुलगी झाली. ती रडली ते अख्ख्या नगराने ऐकलं. राजाने साखर वाटली. साळुंकीने झाडावर बसून पंख मिटले. सगळं जिथल्या तिथे आलं. गुहेत सात जण बसले होते, आणि त्यांतल्या एकीच्या मांडीवर तिची लेक निजली होती, ती पुन्हा उठली नाही.

सातव्या सांजेला भानुमतीची पाळी पुन्हा आली. तिने वाटी घासली, उजेडात धरून भोक पाहिलं आणि किरण आत घेतला. पण वाटी लगेच सोडली नाही, क्षणभर ओंजळीत धरली. तसा नियम नव्हता. तेव्हापासून झाला.

म्हणून म्हणते, एखाद्या संध्याकाळी उजेड उगाच रेंगाळला, तर कुरकुर करू नका. कुणाचं तरी माणूस जायचं असतं. तेवढं थांबा, मग दिवा लावा. दिवस बुडाला, गाय दाव्याला आली, माझी कहाणी इथे निजली.