रेशमी लुगड्याची घडी

फार वर्षांपूर्वी, अंगणोअंगणी रिठ्याची झाडे होती तेव्हाची ही गोष्ट. एका गावात, एका घरात दोन जावा होत्या. सासूने दोघींना एकाच मागावरची रेशमी लुगडी दिली होती. त्या घरची रीत अशी, की लेकीने आईचे लुगडे नेसूनच बोहल्यावर उभे राहायचे.

थोरलीने लग्न होताच लुगड्याची घडी घातली, पेटीत ठेवले आणि कुलूप लावले. त्याला कधी वारा दाखवला नाही, पाणी तर नाहीच. चार बायकांत मिरवायची, माझे अजून कोरे आहे म्हणून.

धाकटी सणासुदीला नेसायची. आणि तिचे धुणे पाहावे असे होते बरं का. रिठे कोमट पाण्यात भिजवून फेस काढायची, त्यात लुगडे अलगद खालीवर करायची. आपटणे नाही, पिळणे नाही. बाळंतिणीचे मूल न्हाऊ घालावे तसा हात. मग पंच्यात गुंडाळून पाणी टिपायची, उलटे करून सावलीत वाळवायची आणि दर खेपेला घडी नव्या जागी घालायची. अशा हातांची दृष्ट काढावी, मी तर म्हणते.

थोरली हसायची. सासूने लुगडे दिले नि हिने पोतेरे केले, म्हणायची.

पुढे थोरलीच्या लेकीचे लग्न आले. मुहूर्ताच्या सकाळी पेटी उघडली. वरून लुगडे झळझळीत. पण उलगडू गेली तर घडीघडीवर चिरत गेले. हाती नुसत्या पट्ट्या आल्या. वऱ्हाड वेशीत आलेले, नवरी रडू लागली.

धाकटीने आपले लुगडे आणले. चांगले माणूस मुके असते असे कोणी सांगितले? पुतणीला नेसवता नेसवता ती म्हणाली, "जाऊबाई, कुलूप चोराला अडवते, घडीला नाही. माझे पोतेरे चालेल ना लेकीला?"

थोरली म्हणाली, "चालेल गं बाई. आणि धुवायचे कसे, तेही शिकव."

नवरी त्या मऊ लुगड्यात अशी शोभली, की वऱ्हाडी बघत राहिले. लग्न पार पडल्यावर थोरलीने स्वतः रिठे भिजवले. लुगडे पिळायला तिचे हात शिवशिवले, तेव्हा धाकटीने तिचे मनगट धरले.

बाळांनो, नेसून, धुऊन, निगुतीने हाताळलेले टिकते. कोंडून ठेवलेले जागच्या जागी विरते.