हैबतीचा दिवस

शुद्धलेखनाच्या चुका निघतील, त्या आधीच पदरात घ्या. सातवीनंतर माझी शाळा सुटली, त्यामुळे मोठे शब्द मला जमत नाहीत. गोष्ट साधी आहे, साध्या शब्दांत मावेल असं वाटतं.

फार पूर्वी डोंगरापलीकडे एक गाव होतं. तिथे सोमवार-मंगळवार नव्हते. प्रत्येक दिवस कुणा एका मेलेल्या माणसाचा असे. जेवढी माणसं गेली, तेवढे वर्षाचे दिवस. कुणी वारलं की ओढ्यातला एक गोटा उचलून पारावरच्या रांगेत शेवटी ठेवत, आणि वर्ष एका दिवसाने वाढे. काशी कुंभारणीच्या दिवशी सगळे मातीच्या भांड्यातून पाणी पीत. मुक्या गोंदाच्या दिवशी दुपारपर्यंत कुणी बोलत नसे. भांडणंसुद्धा हातवाऱ्यांनी होत.

रोज पहाटे पारावर चढून त्या दिवसाचं नाव पुकारायचं काम एका घराण्याकडे होतं. थोरला भाऊ हैबती लाकडं तोडायला रानात जाई, म्हणून ते धाकट्याकडे आलं. त्याला सगळे पुकाऱ्याच म्हणत. पण पुकाऱ्याचा आवाज होता बारीक, आणि हैबतीचा असा, की समोरच्या डोंगरावरची गुरं माना वर करत. हैबती चारचौघांत म्हणायचा, "आमचे बंधुराज पुकारतात तेव्हा चिमण्या विचारतात, काही म्हणालास का?" लोक हसत. धाकटाही हसे. पण ते त्याच्या मनात काट्यासारखं रुतून बसे.

एका वर्षी हैबती ओढ्याच्या पुरात गेला. त्याची बायको तेव्हा पोटुशी होती.

गावाचा एक नेम होता. गेलेल्या माणसाचा दिवस पहिल्यांदा आला, की त्याच्या रक्ताच्या माणसाने पारावर उभं राहून तो कसा गेला ते खरं खरं सांगायचं.

हैबतीचा गोटा रांगेत शेवटचा. त्याची पाळी आली, त्या पहाटे पुकाऱ्याने तो हळूच उचलून कनवटीला लावला आणि पुकारलं, "आज थोरल्या सखूचा दिवस." थोरली सखू म्हणजे गावात सगळ्यांत आधी गेलेली बाई. तिच्यापासून नवं वर्ष सुरू होई.

पाराखाली एक म्हातारा गुराखी उभा होता. "अरे, आज हैबतीचा ना?"

"तुमची मोजणी चुकली, बाबा. हैबतीचा होऊन गेला."

"कधी?"

"काल."

"काल तर आम्ही…" म्हातारा बोलता बोलता थांबला. काल कुणाचा दिवस होता, तेच त्याला आठवेना.

सूर्य वर आला आणि डोंगराच्या कडेवर टेकून राहिला. पुढे सरकेना. माणसं अंगणातून चालत होती, पण सावली कुणाचीच पडेना. चुलीवरचा भात उकळत राहिला, शिजेना. कोंबड्या खुराड्याच्या दारात येऊन नुसत्या उभ्या राहिल्या. आणि पुकाऱ्याच्या कनवटीचा गोटा ओला लागायला लागला. पुसला, तरी ओला. पाणी धोतरातून झिरपून पोटरीवर ओघळलं. त्याला पुराच्या गढूळ पाण्याचा वास होता.

तेवढ्यात हैबतीच्या घरातून सुईण आली.

"पुकाऱ्या, आज खरंच सखूचा दिवस आहे ना?"

"असं का विचारता, मावशी?"

"तुझी वहिनी अडली आहे. पोर दाराशी येतं आणि मागे फिरतं. माझे केस पिकले बाळंतपणं करण्यात, पण असं पोर पाहिलं नाही. कुणाच्या दिवशी जन्माला यायचं, तेच त्याला कळेनासं झालंय. आणखी थोडा वेळ गेला तर दोघंही हातची जातील."

तो काही बोलणार, तोच ओढ्याकडून हाक आली. भरदार, ओळखीची. सगळ्या गावाने ऐकली.

"दोर टाक रे, धाकल्या."

जो तो जागच्या जागी थिजला. ओढा तर कधीच आटला होता. मग घरातून वहिनीचा थकलेला आवाज आला, "ते हाका मारतायत. कुणीतरी दोर घेऊन जा ना."

पुकाऱ्या पारावर चढला. कनवटीचा गोटा काढून त्याने रांगेत परत ठेवला.

"आज हैबतीचा दिवस," तो म्हणाला. आवाज नेहमीपेक्षाही बारीक निघाला, पण शेवटच्या घरापर्यंत ऐकू गेला. "त्या संध्याकाळी दादा पलीकडच्या काठावर होता. पाणी चढत होतं. दोर टाक म्हणून तो मला हाका मारत होता. मी दोर घेऊन झाडामागे बसलो होतो. म्हटलं, मारू दे जरा. मोठ्या आवाजाचा काय उपयोग होतो, बघू. सात हाका मी मोजल्या. आठवीला उठणार होतो. आठवी आली नाही."

मग पारावर एक सावली पडली. ती त्याची स्वतःची होती. त्यानंतर गुराख्याची पडली, सुईणीची पडली. सूर्य कडेवरून सुटला. कुणाच्या तरी चुलीवर भात उतू गेला. आणि हैबतीच्या घरातून रडणं ऐकू आलं, असं खणखणीत, की समोरच्या डोंगरावरच्या गुरांनी माना वर केल्या.

थोड्या वेळाने सुईण बाहेर आली. "मुलगी झाली. पण तू उंबरा चढायचा नाहीस, असं तुझी वहिनी म्हणते."

"बरोबर आहे तिचं," पुकाऱ्या म्हणाला. "आणि पुकारायचं काम?"

"ते तूच कर म्हणते. तुझा आवाज आज पहिल्यांदा ऐकू आला, म्हणते."

याचं तात्पर्य जाणती माणसं असं सांगतात: ज्या दिवसाला आपण तोंड देत नाही, तो दाराबाहेर उभा राहतो, आणि त्याच्यामागे पुढचे सगळे दिवस खोळंबून राहतात.

दुसऱ्या दिवशी पहाटे पुकाऱ्या आधी ओढ्यावर गेला. ओढ्यात थेंबभर पाणी नव्हतं, तरी त्याने या काठाच्या झाडापासून त्या काठाच्या झाडापर्यंत दोर बांधला आणि तीनदा ओढून पाहिला. मग पारावर येऊन त्याने पुकारलं, "आज थोरल्या सखूचा दिवस."